पालथ्या ग्लासातली ज्योत

लग्नाच्या व्हिडिओंचा नजमाला वीट आला होता. मुकुंदवाडीतल्या स्टुडिओत तिने किती नवरदेव ढगांतून चालवले आणि किती मामांना ताजमहालासमोर उभं केलं, याची मोजदाद नाही. म्हणून बद्रीनाथ सरांनी मुलांसाठीच्या विज्ञानाच्या व्हिडिओंचं संकलन करायला बोलावलं, तेव्हा तिला वाटलं, सुटले एकदाची. इथं तरी जे घडलं तेच दाखवायचं.

सर मूळचे शिकवणीवाले. बोलायला गोड, कॅमेऱ्यासमोर तर नुसती साखर. परातीतल्या रंगीत पाण्यात मेणबत्ती उभी करून त्यांनी ती पेटवली, वर काचेचा ग्लास पालथा घातला आणि सांगितलं, "ज्योत ऑक्सिजन खाते, म्हणून रिकाम्या जागेत पाणी चढतं."

संकलनाला बसल्यावर नजमाने ते दृश्य मागेपुढे करून पाहिलं. ज्योत जळत होती तोवर पाणी जागचं हललंही नव्हतं. ती विझली आणि मग ते सरसर चढलं.

"सर, हे ज्योत विझल्यावर चढतंय."

"माहितीये मला. आतली गरम हवा गार होऊन आक्रसते, त्याचा तो खेळ. पण गाईडात ऑक्सिजन लिहिलंय, पोरं परीक्षेत तेच लिहिणार. तुम्ही लई खोलात नका शिरू, नजमाताई. ज्योत जळती ठेवा."

नजमाला शिसारी आली. सरांना ठाऊक नसतं तर तिने समजून घेतलं असतं. पण नाही म्हणावं तर ढगांतले नवरदेव वाट बघत होतेच. तिने आधीची जळती ज्योत कापून चढत्या पाण्याच्या दृश्यावर चिकटवली आणि तिच्या कडा इतक्या सफाईने मऊ केल्या की सरांनी तोंडभरून कौतुक केलं. त्या कौतुकानेच तिच्या तोंडाची चव गेली.

व्हिडिओ तुफान चालला. देवगाव रंगारीच्या एका शाळकरी मुलीने घरी प्रयोग करून त्याचा व्हिडिओ सरांना पाठवला. खाली लिहिलं होतं, "सर, आमच्याकडं पाणी ज्योत विझल्यावर चढतंय. माझं काय चुकतंय?"

सरांनी उत्तर दिलं, "ग्लास नीट पालथा घाल, बाळा. पुन्हा करून बघ."

ते वाचून नजमाला सरांची किळस आली, आणि त्याहून जास्त स्वतःची.

काही दिवसांनी त्या मुलीचा दुसरा व्हिडिओ आला. या वेळी ज्योत जळत असतानाच पाणी चढत होतं. सरांनी लगेच "शाब्बास" लिहून टाळ्या पाठवल्या. नजमाने स्क्रीनजवळ तोंड नेलं. ज्योतीभोवती पुसटसा चौकोन दिसत होता. पोरीला कडा मऊ करणं अजून जमलं नव्हतं.