लेथबरोबर आलेले काका

एक कारखाना बंद पडला, त्यातली यंत्रं विकायला निघाली आणि त्यांतला एक जुना लेथ विद्यापीठाच्या भौतिकशास्त्र विभागानं घेतला. लेथ म्हणजे लोखंड-पितळ गरगर फिरवून कातणारं यंत्र. तो ट्रकमधून उतरवायला सात माणसं लागली. त्यांच्या मागून आठवा उतरला, तो त्याच लेथवर अकरा वर्षं काम केलेला टर्नर. यंत्र बसवून द्यायचं, चालवून दाखवायचं आणि तीन दिवसांत परत जायचं, एवढंच त्याचं काम होतं. तो एकतीस वर्षं राहिला.

विभाग तेव्हा नुकता बाळसं धरत होता. रसायनवाल्यांच्या इमारतीमागे दोन खोल्या, चार टेबलं, एक फळा आणि विभाग ज्यांनी उभा केला ते थोरले सर. उपकरणं विकत आणायची तर दोन-दोन वर्षं वाट बघावी लागे, म्हणून जमेल ते घरीच बनवायचं असा थोरल्या सरांचा खाक्या. तिसऱ्या दिवशी टर्नर हात पुसून निघायच्या बेतात असताना ते दारात येऊन उभे राहिले.

"मला एका पितळी चकतीला भोक पाडून हवंय. केसाएवढं बारीक."

"कुणाच्या केसाएवढं?" टर्नरनं विचारलं.

थोरल्या सरांना वाटलं माणूस थट्टा करतोय. पण त्यानं खिशातून मायक्रोमीटर काढला, स्वतःचा एक केस उपटून मोजला, मग सरांना वाकायला सांगून त्यांचाही एक मोजला. दोघांच्या जाडीत चांगलाच फरक निघाला. थोरल्या सरांनी दोन्ही आकडे पुन्हा वाचले आणि ते म्हणाले, "तुम्ही कुठे जाऊ नका." पुढच्या आठवड्यात टर्नरनं बायकोला आणि तिच्या शिवणयंत्राला आणून शेजारच्या गल्लीत बिऱ्हाड थाटलं.

हळूहळू तो सगळ्यांचा काका झाला. विभाग दोन खोल्यांतून तीन मजल्यांवर गेला, काका मात्र तळमजल्यावरच्या वर्कशॉपमध्ये राहिले. प्राध्यापक मंडळी पाकिटाच्या मागे आकृती काढून आणायची. काका ती उलटी-सुलटी करून बघायचे आणि विचारायचे, "हे मला बनवायचंय, की तुम्हाला नुसतं समजून घ्यायचंय?" निम्मी मंडळी आकृती घेऊन परत जायची. उरलेल्यांची कामं काका एका जाड वहीत तारखेसकट लिहून घ्यायचे: काय, कुणासाठी, कोणत्या धातूचं.

पुढे संशोधनासाठी एक मुलगी आली. द्रवरूप नायट्रोजन ओतून नमुने थंडगार करायचे आणि गारठलेल्या पदार्थांतलं अगदी फिकं चुंबकपण मोजायचं, हे तिचं काम. भर दुपारी ती जाड स्वेटर घालून फिरायची, म्हणून सगळे तिला थंडी म्हणत. तिचं उपकरण म्हणजे एक नाजूक तराजू. त्याच्या एका बाजूला बारीक तंतूवर इवलासा पाळणा टांगलेला, पाळण्यात नमुना, आणि दोन्ही अंगांना मोठ्या चुंबकाची दोन तोंडं. चुंबक नमुन्याला किती ओढतो ते तराजू सांगायचा. तो पाळणा काकांनीच केला होता, करंगळीच्या नखाएवढा.

एकदा साफसफाई करताना थंडीच्या हातून पाळणा पडला आणि चेपला. ती रडवेली होऊन खाली आली.

"काका, परवापर्यंत नवा मिळेल?"

"उद्या संध्याकाळी घेऊन जा. आणि पोरी, आधी काहीतरी खाऊन घे. भुकेल्या हातातूनच वस्तू पडतात."

नेमकी त्या वेळी चांगल्या पितळेची कांडी संपली होती आणि नवी यायला महिना होता. काकांनी भंगाराच्या पेटीतून नळाची एक जुनी तोटी काढली. पितळ पिवळंधमक, कातायला लोण्यासारखं. पाळणा पहिल्यापेक्षा सुबक झाला. थंडी खूष झाली, काकाही खूष झाले.

पाच महिन्यांनी विभागात एकदम गजबज सुरू झाली. थंडीच्या सगळ्या नमुन्यांत गारठा वाढला की थोडी जास्तीची ओढ दिसत होती, आणि ती पुस्तकात कुठेच सांगितलेली नव्हती. तिचे मार्गदर्शक सर, एरवी तोंडावरची सुरकुती न हलवणारे, जिन्यात शीळ घालताना दोघांना सापडले. शोधनिबंध लिहून झाला, शुक्रवारी नियतकालिकाकडे पाठवायचं ठरलं. बुधवारी सकाळी चहाच्या टेबलाशी थंडीनं काकांनाही सांगितलं.

"सगळ्या नमुन्यांत?" काकांनी विचारलं.

"सगळ्या. गंमत म्हणजे ऑक्टोबरच्या आधी दिसतच नव्हतं. आता माझा हात बसलाय ना, म्हणून."

काकांचा चहा कपातच राहिला. ते खाली गेले आणि वही उघडली. ऑक्टोबरच्या पानावर त्यांच्याच अक्षरात लिहिलं होतं: पाळणा, नवा, तोटीचं पितळ.

दुपारी सगळे जेवायला गेल्यावर त्यांनी तोटीचा उरलेला तुकडा शोधला, दोऱ्याला बांधला आणि थंडीच्या खोलीत जाऊन मोठ्या चुंबकाच्या तोंडाशी धरला. शुद्ध पितळ असतं तर त्यानं ढिम्म राहायला हवं होतं. तुकडा आधी थरथरला, मग हळूच एका अंगाला सरकला आणि तिरपा होऊन राहिला. तोटीच्या पितळेत लोखंडाचा अंश होता. काकांनी दोरा बदलून पाहिला, खिडकी लावून पाहिलं, श्वास रोखून पाहिला. तुकडा तिरपाच.

त्या दिवशी त्यांचा डबा तसाच घरी आला. बायकोनं तो उघडला, बघितला आणि शिवणयंत्र थांबवलं.

"काय झालं?"

काकांनी सांगितलं. शेवटी म्हणाले, "मी बोललो नाही तर कुणाला कळायचंही नाही. एवढासा पाळणा. आणि बोललो तर त्या पोरीचे पाच महिने पाण्यात."

"परवा मी एका गिऱ्हाइकाचा कोट उलटा कापला," बायको म्हणाली. "बाही डावीकडची उजवीकडे."

"मग?"

"मग काय, सांगितलं तिला."

"काय म्हणाली?"

"चिडली. बरंच बोलली. मग पाणी प्यायली आणि म्हणाली, नवं कापड कधी आणू." तिनं पुन्हा यंत्राला पाय लावला. "न सांगता शिवून दिला असता तर घालून फिरली असती बिचारी, आणि लोक हसले असते."

गुरुवारी सकाळी काका वही आणि दोऱ्याला टांगलेला तुकडा घेऊन थंडीच्या मार्गदर्शक सरांच्या खोलीत गेले. थंडी तिथेच होती, निबंधातली शेवटची आकृती चिकटवत.

"सर, तो निबंध पाठवू नका," काका म्हणाले. "ती ओढ नमुन्यांची नाही. माझ्या पाळण्याची आहे."

ते सगळं उभ्यानंच बोलले. मग तिघं चुंबकाच्या खोलीत गेली. तुकडा सरकला, तिरपा झाला. सरांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला आणि तुकडा स्वतः धरून पाहिला. थंडी खिडकीकडे तोंड करून उभी राहिली, तिचे खांदे हलत होते. काकांना वाटलं, जमिनीनं आपल्याला पोटात घ्यावं.

"पोरी, चूक माझी आहे," ते म्हणाले. "तोटीचं पितळ चालेल का, ते मी विचारायला हवं होतं."

ती वळली. नाक लाल झालं होतं, पण आवाज सरळ होता. "रिकाम्या पाळण्याचं माप मी पुन्हा घ्यायला हवं होतं, काका. जुन्याचेच आकडे वजा करत राहिले. सारखाच दिसतो म्हणून."

"आणि मी ते तपासायला हवं होतं," सर म्हणाले. "तेव्हा ही चूक तिघांत वाटून घेऊ. काका, चांगलं पितळ आलंय का?"

"आलंय."

"मग खाली चला."

नवा पाळणा काकांनी तीन वेळा केला आणि तिन्ही वेळा आधी चुंबकाशी टांगून पाहिला. पुढचे अडीच महिने थंडीनं सगळी मापं नव्यानं घेतली. रोज सकाळी आधी रिकामा पाळणा, मग नमुना. जास्तीची ओढ एकेका नमुन्यातून विरत गेली. ती दर संध्याकाळी खाली येऊन सांगायची, "आज अजून एक गेला," आणि काका मान खाली घालून कानस चालवत राहायचे. पण अकरा नमुन्यांपैकी एकात ती ओढ राहिली. पहिल्यापेक्षा किती तरी बारीक, पण राहिली. तीन वेळा मोजली, दुसऱ्या पाळण्यात मोजली, सरांनी स्वतः मोजली. ती खरी होती.

निबंध छोटा झाला. शेवटी आभारांच्या ओळीत थंडीनं काकांचं नाव घातलं. काकांना कळलं तसे ते तरातरा वर आले.

"माझी चूक छापायची आहे का गावभर?"

"चूक नाही छापली. पितळ तपासून दिल्याबद्दल आभार मानलेत."

"तपासलं, पण उशिरा."

"तसं लिहू का? उशिरा तपासल्याबद्दल?"

काका बऱ्याच दिवसांनी मनापासून हसले. छापलेला कागद त्यांनी घरी नेला. बायकोनं तो शिवणयंत्राच्या खणात, मापांच्या टेपखाली ठेवला. गिऱ्हाईक आलं की खण उघडायचं काही ना काही निमित्त तिला सापडायचं.

थंडी डॉक्टर झाली आणि दूरच्या एका विद्यापीठात शिकवायला गेली. काका निवृत्त झाले. तिचा फोन मात्र येत राहिला, बहुतेक वेळा काहीतरी बिनसलेलं असताना. एकदा काका आंघोळीला गेलेले, म्हणून बायकोनंच फोन घेतला.

"काकू, आकडे पुन्हा वेडेवाकडे येताहेत. काकांना विचारायचं होतं."

"ते बाहेर आले की विचारतील, रिकामं मोजलंस का," काकू म्हणाल्या. "मोजलंयस का?"

पलीकडे वहीची पानं उलटल्याचा आवाज आला. "मोजते," थंडी म्हणाली.

"मोज. आणि बाळाचा खोकला कसा आहे? रात्री झोपतो का नीट?"

मग दोघी खोकल्यावर बोलत बसल्या. काका टॉवेल गुंडाळून बाहेर आले, हातानं 'मला दे, मला दे' अशा खुणा करत समोर उभे राहिले, आणि काकूंनी त्यांना बोट दाखवून आधी अंग पुसून यायला सांगितलं.