त्यांची कॅसेट

आमची आई एका मिझो सिनेमात होती, हे टेक्सासमधल्या मराठी माणसांना सांगायचं मी आता सोडून दिलंय. "मिझो म्हणजे कुठलं, नेपाळ का?" हे ऐकून कान किटले.

बाबांची केंद्र सरकारची नोकरी, म्हणून माझं शाळेचं वय ऐझॉलमध्ये गेलं. तिथे कुणीतरी व्हिडिओ कॅमेरा मिळवायचा, आळीतल्यांनीच कामं करायची, आणि तो सिनेमा लोकल केबलवर लागायचा. शनिवारचा खलनायक रविवारी चर्चमध्ये गाताना दिसायचा.

आमच्या शेजारच्या मास्तरांनी असाच एक सिनेमा केला. त्यात त्यांना 'वाई' दुकानदारीण हवी होती. वाई म्हणजे डोंगराखालून आलेली, परकी. त्यांनी आईकडून चार मिझो वाक्यं घोकून घेतली. ऐन शूटिंगला हिरो तिचं ऐकायच्या आधीच चालू लागला आणि आई सगळं विसरून ओरडली, "अहो, थांबा ना जरा!" मास्तरांनी ते तसंच ठेवलं. पुढे कितीतरी दिवस बाजारातल्या बायका आईला बघून "अहो, थांबा ना" म्हणायच्या, आणि आईही त्यांच्यात हसायची. ते दिवस मला अजून हवे आहेत.

मी बारावीत आणि भाऊ चौथीत असताना आई गेली. तेव्हा कुणाच्या खिशात फोन नव्हते. तिचा आवाज राहिला तो त्या एका कॅसेटमध्ये.

कॅसेट भावाकडे, टेक्सासमधल्याच फ्रिस्कोला होती. बाबांच्या सहस्रचंद्रदर्शनासाठी त्याने घरातल्या जुन्या कॅसेट डिजिटल करून घेतल्या. मी माझ्या घरून, शुगर लँडहून, एकटी ड्राइव्ह करत गेले ती आईचा आवाज ऐकायच्या आशेवर.

"मिझो कॅसेट लाव ना आधी," मी म्हटलं.

"ती या कॅसेटांमधलीच होती का? अगं, लेबलवर काय लिहिलंय तेच कळेना. दोन मिनिटं बघितली, आपलं कुणी दिसलं नाही. मला वाटलं त्यांचंच काहीतरी असेल. टाकून दिली. आपल्या सगळ्या कन्व्हर्ट केल्यात."

शंभरदा ऐकलेली गोष्ट, आणि हा दोन मिनिटांत उठला. अमेरिकेत तीन तासांच्या क्रिकेटला याला वेळ असतो. बाबा शेजारीच बसले होते म्हणून मी जीभ आवरली.

मग त्याने त्याची मुंज लावली. त्या काळच्या शूटिंगवाल्यांच्या रिवाजाप्रमाणे खरा आवाज पार पुसून वर सनई आणि हिंदी गाणी चढवलेली. मातृभोजनात आई त्याला घास भरवत होती, कानाशी वाकून काहीतरी सांगत होती, आणि तो खुदकन हसत होता. वर गाणं.

"बाबा, व्हॉट्स आजी सेइंग टू यू?" भाचीने भावाला विचारलं.

भाऊ हळूच माझ्याकडे वळला. "ताई, कसा होता गं तिचा आवाज?"

मला नक्कल करून दाखवता आली असती. मी दाखवली नाही.