जिन्याचे एक मिनिट

नादरूप श्रीगजाननाला वंदन करून नारायण पेठेतली एक दुपार सांगतो. काल केतकीच्या लघुपटाचा पहिला खेळ झाला, हे निमित्त.

दुपारचे साडेतीन वाजले होते. हेडफोन लावून, माइक धरून मी एका लाकडी जिन्याच्या पायथ्याशी उभा होतो आणि हवी ती शांतता काही मिळत नव्हती.

केतकी दिग्दर्शिका, मी ध्वनिमुद्रक. पेठेतल्या जुन्या जिन्यांवरचा तिचा हा प्रायोगिक लघुपट. त्यात माणूस नाही, संवाद नाही, संगीतही नाही. अशा वेळी रूम टोन लागतो. रूम टोन म्हणजे रिकाम्या जागेचा स्वतःचा आवाज. दृश्यांच्या सांध्यांत तो भरला नाही, तर पडदा एकदम बहिरा वाटतो. एक मिनिट पुरते. परंतु चार वाजता खालची दुकाने उघडणार होती आणि दुसऱ्या दिवशी सकाळी हा जिना काढून लोखंडी बसवणार होते.

तीन टेक झाले. तिन्हींत बारीक पुटपुट.

“वर कोणीतरी जप करीत आहे,” मी म्हणालो. जपात विघ्न आणणे जिवावर आले, तरी वर जाऊन दार वाजवले. बनियनमधले एक गृहस्थ डोळे चोळत आले.

“क्षमा करावी. आपण जप करीत आहात का?”

“नाही, झोपलो होतो. आता उठवलंच आहे आपण, तर करू का?”

खाली आलो. चौथा टेक. पुन्हा तीच पुटपुट.

“काका, रागावू नका हं,” केतकी हळूच म्हणाली, “ओठ तुमचेच हलतायत.”

स्वस्थ उभे राहिले की माझे नामस्मरण आपोआप सुरू होते. स्टुडिओत मी आयुष्यभर काचेपलीकडे बसलो. तिथे ते कधी मुद्रित झाले नाही. पाचव्या टेकला ओठ घट्ट मिटले. नाम दातांमागे चालूच.

गृहस्थ कठड्यावरून पाहत होते. ते तांब्या घेऊन खाली आले.

“तोंडात पाणी धरा. काही पाहुण्यांना मी हेच सुचवणार असतो, पण आमची ही म्हणते बरं दिसत नाही.”

गालभर पाणी घेऊन मी उभा राहिलो. जिना एकदा कुरकुरला. वर कबुतर फडफडले. मिनिट भरले आणि पलीकडचे शटर खडखडत वर गेले.

काल ते मिनिट पडद्यावर आले, तेव्हा मागच्या रांगेतून त्या गृहस्थांचा आवाज आला, “ही आमची मोडलेली झोप.”

आवाजाचा उगम शोधताना ध्वनिमुद्रकाने आरंभ स्वतःपासून करावा. श्रीगजानन आपल्या घरादाराला आयुरारोग्य देवो, आणि आपली दुपारची झोप माझ्यासारख्यांपासून सुरक्षित ठेवो.