हिरव्या पेनाचं खरं काय ते

आम्ही दोघांनी मिळून केलेलं शेवटचं काम म्हणजे अवरेकाळू, आपले पावट्याचे दाणे, सोलणं. रात्री भिजवलेला दाणा चिमटीत दाबायचा, साल बोटांत राहते, दाणा सुटतो. माझे दाणे भिंतीवर जात होते.

"अहो, पातेलं इकडं आहे," ती म्हणाली.

तिचे पाय सुजलेले. चार दाणे झाले की दम खायची. डॉक्टरनं मला बाहेर नेऊन सांगितलं होतं, हृदय थकलंय, फार दिवस धरू नका. तिला मी सांगितलं नव्हतं, पण तिला ठाऊक होतं.

मी म्हटलं, "तुझं ते पेन काढ आणि लिही, मला आता बरं आहे म्हणून."

हे मी म्हणावं याची मला अजून लाज वाटते. कारण त्या पेनाचं खरं काय, ते साऱ्या वठारात, म्हणजे आमच्या चाळीत, मला एकट्यालाच माहीत होतं.

मी शिंपी. शाळा दुसरीपर्यंत. ती चौथी शिकलेली, मूलबाळ नाही. पेन तिनं चिकपेटात फुटपाथवरच्या जुन्या सामानवाल्याकडून घेतलं. हिरवं, टोपणाला चीर गेलेली. चोरीचं असणार, हे मी तेव्हाच म्हटलं होतं. माझा कुणावर विश्वास नसतो. दुकानदारानं समोर मोजलेलं कापड मी घरी आणून पुन्हा मोजतो.

आमच्या वठारात नऊ बिऱ्हाडं आणि नळ एकच, तोही उन्हाळ्यात कोरडा. तिनं त्या पेनानं अर्ज लिहिला आणि महिनाभरात दुसरा नळ आला. मग शेजारणीच्या नवऱ्याची बदली थांबली. मग समोरच्या विधवेचं अडकलेलं पेन्शन सुटलं. बायका बोलू लागल्या, अक्काचं पेन लिहितं ते होतं. कोण नारळ आणतंय, कोण फुलं. एका खंडेनवमीला मी कात्री पूजेला ठेवली, तर शेजारणीनं हिरवं पेन शेजारी ठेवून त्याला कुंकू लावलं. मी कात्री उचलून लांब ठेवली.

"अण्णांना देवाचंही खरं वाटत नाही," शेजारीण म्हणाली.

"देवाचं वाटतं. तुमचं नाही वाटत," मी म्हटलं.

मला संशय दुसराच होता. दर मंगळवारी ही बनशंकरी देवीला लिंबाच्या सालीतले तेलाचे दिवे लावायला म्हणून जायची आणि चार वाजता परतायची. पण शिंप्याची नजर कापडावर असते. दिवे लावून आलेल्या बाईच्या पदराला तेलाचा वास येतो. हिच्या पदराला नव्हता. लुगडं मागच्या बाजूला मात्र चुरगळलेलं, तासन्‌तास बसून चुरगळतं तसं. मनात नको नको ते आलं. एका मंगळवारी दुकान बंद केलं आणि तिच्या मागं गेलो.

ती देवळाच्या वाटेला गेलीच नाही. सरकारी कचेरीत शिरली आणि व्हरांड्यातल्या बाकावर बसली. शिपायानं हाकललं, बसली. उद्या या म्हणाला, तरी बसली. मी खांबाआड तीन तास उभा होतो. शेवटी आतल्या कारकुनानं कंटाळून कागद मागून घेतला.

घरी आल्यावर मी विचारलं, "पेन लिहितं ते होतं काय?"

ती जराही घाबरली नाही. "नुसत्या कागदावर दुसरे कागद पडतात हो. समोर माणूस बसलं की त्यांना तो काढावा लागतो."

"मग बायकांना खरं सांग की."

"शिंप्याची बायको कचेरीत जाऊन बसते, हे ऐकून लोक तुम्हालाच नावं ठेवतील. पेनाला कोण नावं ठेवतंय?"

नंतरची सात-आठ वर्षं मंगळवार आला की, "देवीला नमस्कार सांग," एवढंच म्हणायचो.

आणि आता मीच तिला सांगत होतो, लिही म्हणून.

ती म्हणाली, "लिहीन. पण अर्ज द्यायचा कुणाला?"

मला राग आला. "म्हणजे पेन लबाड आणि तूही लबाड."

"सरी, तसं तर तसं," ती हसली. "दाणे सांडताहेत, बघा."

दुपारी ती जरा पडते म्हणाली. मी पाणी घेऊन गेलो तेव्हा संपलं होतं. दिवेलागणीच्या आत सगळं उरकलं. तिच्याशी माझा शेवटचा शब्द लबाड.

दुसऱ्या दिवशी उजाडताच मी पेन काढलं. कागदावर लिहिलं, ती घरी आहे. तीन शब्दांना माझ्या हाताला किती वेळ लागला म्हणून सांगू. शाई वाळली. मी दाराकडं बघत बसलो. दूधवाला आला, नेहमीसारखं दोघांचं दूध घालून गेला. मी पातेलं तसंच आत नेऊन ठेवलं.

कागद घरात ठेवून काही होत नाही, हे मी डोळ्यांनी पाहिलेलं. घडी करून खिशात घातला आणि सुतक असतानाच स्मशानाच्या वाटेला लागलो. नोंदणीच्या खोलीपुढं बाक होता.

तिथला माणूस म्हणाला, "अज्जा, अस्थी उद्या. आज काही नाही."

"ठाऊक आहे."

"मग काय पाहिजे?"

"बसतो स्वल्प."

त्यानं बाकावरची धूळ फडक्यानं झटकली. मी बसलो.