सगळ्या भूमिकांत सर

पहिली खटकलेली गोष्ट अगदी साधी होती. नाशकातल्या गंगापूर रोडच्या हॉलवाल्यांना फोन केला, आमच्या सिनेमाच्या स्क्रीनिंगला खुर्च्या मांडल्या का? तर म्हणे, "मॅडम, कालच तुमचा फोन आला ना, प्रेक्षक उभेच राहणार म्हणून?" मी फोन केलाच नव्हता! "तुम्हीच होतात. हॅलोच्या आधी 'अगं बाई, दचकले' म्हणालात."

आता फोनवर मी तसं म्हणते, हे खरं. पण तरी!

म्हटलं, जाऊ दे. अद्वैत सरांकडे काम केलं की असले किस्से खुर्चीवरच्या धुतलेल्या कपड्यांसारखे साचतात. एकाची घडी होईतो वर दुसरा.

सर स्वतंत्र सिनेमे करतात. म्हणजे कथा त्यांची, कॅमेरा त्यांचा आणि सगळी पात्रंही तेच. 'मी कोण?' याचा शोध चालू असतो. सर कुठे आहेत, हा शोध माझ्याकडे.

एकदा वॉचमनचा ड्रेस घालून ते स्वतःच्याच सोसायटीत शिरायला लागले. खऱ्या वॉचमनने गेटवरच अडवलं. सरांनी सांगितलं, मी इथेच राहतो.

"राहत असाल. पण सोसायटीला वॉचमन एकच मंजूर आहे."

नामपूरच्या कांदा मार्केटात शेतकरी बनून ढिगावर जाऊन बसले. मी कॅमेऱ्यामागे, प्रत्येक ट्रॅक्टरच्या हॉर्नला उडतेय. एक आजोबा आले आणि मला विचारलं, "हाऊ कोन शे?" म्हणजे, हा कोण आहे? सर गहिवरले. "आजोबा, हाच तर माझ्या सिनेमाचा प्रश्न आहे."

"ते मंग सांग. आधी कांद्यावरून ऊठ."

मग सरांनी स्वतःच्या आईची भूमिका केली. काकूंना फिल्म दाखवली. संपल्यावर त्या म्हणाल्या, "रडलास छान. पण माझा ब्लाउज कोणी उसवला?"

आता माझं. पप्पांनी सिन्नरला कारखान्याच्या ऑफिसात माझ्यासाठी नोकरी बघून ठेवलीय. त्यांचं एकच म्हणणं, सिनेमात काम करतेस तर नाव कुठंय? नाव कुठेच नाही. सिनेमाच्या शेवटच्या पाट्यांवर वरपासून खालपर्यंत सरच. विचारलं तर म्हणाले, "पूर्वा, नाव ही मर्यादा आहे." स्वतःची मर्यादा मात्र बोल्डमध्ये!

खूप मागे लागल्यावर कबूल झाले. स्क्रीनिंगला येणार आणि पप्पांसमोर एवढंच बोलणार, ही माझी असिस्टंट. पप्पाही म्हणाले, त्यांनी तोंडाने सांगितलं तर राहा नाशकात.

सिनेमा संपला. उभे राहून अवघडलेले लोक पाय चोळत निघून गेले. सर नाहीत. पप्पांनी माझी बॅग उचलून खांद्याला अडकवली आणि सिन्नरची गाडी कुठून सुटते ते विचारायला लागले. मी परत परत सरांना फोन लावतेय, नुसती रिंग जातेय.

पप्पा म्हणाले, "स्पीकरवर टाक. मला ऐकू दे."

टाकला. रिंग जातच राहिली. आणि एकदाचा उचलला!

"अगं बाई, दचकले! हॅलो, मी पूर्वा बोलतेय, सरांची असिस्टंट. सर शूटवर आहेत. आपण कोण?"