पिवळी पट्टी

काचबिंदूने दृष्टी गेली तरी बाबांनी संध्याकाळी मला घ्यायला डहाणूच्या स्टेशनात यायचं सोडलं नव्हतं. माझी नोकरी पालघरला. मी गाडीतून उतरले की ते जुन्या रुळाच्या खांबाला पाठ टेकून उभे दिसत. सगळं आयुष्य चिकूच्या करंड्या गाडीत चढवण्यात गेलेलं, त्यामुळे फलाट त्यांच्या तळपायांना पाठ होता. कुठली फरशी हलते, नळ कुठे ठिबकतो, चहाच्या वासानंतर खांब कधी हाताला लागतो, सगळं. इथून मुंबईच्या तबेल्यांसाठी गवत जायचं त्या काळच्या गोष्टी ते तिथेच सांगत, आणि दर वेळी गवताची गंजी थोडी आणखी उंच होई. मी हसले की म्हणत, "तू कुठे होतीस बघायला?"

मग स्टेशन नवं होऊ लागलं. सरकता जिना आला, फलाट लांबला, फरशी चकचकीत झाली. खांब गेला, नळ गेला, चहावाला पलीकडे गेला. लोकांना बरं वाटलं. खोटं कशाला बोलू, मलाही वाटलं. बाबा मात्र दारातूनच परत फिरू लागले. "पायाला काही सांगतच नाही ही फरशी," म्हणाले.

एका रविवारी मी त्यांना फलाटावरची पिवळी, उंचवट्यांची पट्टी दाखवली. त्यांचा पाय धरून तिच्यावर ठेवला. "ही खास तुमच्यासाठी. हिच्यावरून सरळ चालायचं." ते काठी टेकत पुढे निघाले. कितीतरी दिवसांनी त्यांची मान ताठ झाली होती.

पण पुढे रानशेत गावाकडच्या बायका जांभळं घेऊन बसल्या होत्या. गुळगुळीत फरशीवर टोपली सरकते, या पट्टीवर घट्ट बसते. विकायला बसणाऱ्यांसाठीच ती आखली आहे असं त्यांनी धरलं होतं, आणि सगळ्या टोपल्या तिच्यावर ओळीने मांडल्या होत्या. मी ओरडेपर्यंत बाबांचा पाय पहिल्या टोपलीत गेला. जांभळं फलाटभर झाली.

"दिसत नाय का तुला?" बाई कडाडली. मग तिने त्यांच्या डोळ्यांकडे पाहिलं आणि पदर तोंडाला लावला.

बाबा गुडघ्यांवर बसून जांभळं चाचपडू लागले. लोक त्यांना वळसा घालून जात होते. मला रडू आवरेना. ती पट्टी कोणासाठी आहे ते मी त्या बाईला सांगितलं. "आमाला कुणी सांगलाच नाय," ती पुटपुटली.

दुसऱ्या दिवसापासून बायकांनी टोपल्या मागे भिंतीशी नेल्या. तिथे गिऱ्हाईक फिरकत नाही. मला पाहिलं की ती बाई विचारते, "बाबा नाय आला?"

बाबा पुन्हा आलेच नाहीत. वाट मोकळी झाली आहे, हे मी त्यांना हौसेने सांगितलं. त्यांनी हातातली काठी कोपऱ्यात टेकवून ठेवली. मग म्हणाले, "त्यांना म्हणावं, टोपल्या परत तिथेच मांडा. मी काय, घरी बसेन. त्यांनी कुठे बसायचं?"

हा निरोप मी अजून त्या बाईला दिलेला नाही. एकदा दिला, की बाबा येणार नाहीत हे पक्कं होईल. गाडीतून उतरले की ती पट्टी रिकामी दिसते, आणि मी तिच्या कडेकडेने चालत बाहेर पडते.