गल्लीनं पाळलेलं सुतक

आमच्या दादाला एक वेडगळ कला होती. गाल फुगवून त्यांवर चापट्या मारत तो अख्खं गाणं वाजवायचा आणि मध्येच बकरीसारखा ओरडायचा. नंदनवन वस्तीतल्या आमच्या गल्लीत गणपतीत त्याच्याशिवाय पान हलत नसे.

टीव्हीवर तेव्हा रात्री उशिरा एक गप्पांचा कार्यक्रम लागायचा. तिरकस प्रश्न विचारणारा सूत्रधार, चित्रविचित्र नकलाकार, मध्ये गाणंबजावणं. दादाला तिथे बोलावणं आलं. मुंबईहून चित्रीकरण करून आला तो हवेतच. आई मागे लागली, "काय केलं ते दाखव ना रे." तो म्हणे, "अंहं. आता टीव्हीवरच पाहजो."

कार्यक्रमाच्या आठवडाभर आधी काटोल रोडवर ट्रकनं त्याच्या स्कूटरला उडवलं. जागच्या जागी गेला.

टीव्हीवर चादर पडली. तेरवीपर्यंत लावायचा नाही, ही रीत. आणि कार्यक्रम तर एकदाच दाखवणार होते. कार्यक्रमाच्या दिवशी आई काकांना म्हणाली, "भाऊजी, घडीभर लावू द्या. मले त्याले पाहाचं आहे."

काका उखडले. "सुतकात टीव्ही? लोकं तोंडात शेण घालतीन!"

"जळो तुमचं सुतक!" मी ओरडले. आईनंच मला गप्प केलं. "जाऊ दे वं. आपले नातेवाईक सुतकात आहेत, पण शेजारी तर पाहतीनच. मी त्याइले विचारीन."

रात्री आम्ही दोघी अंधारात भिंतीला कान लावून बसलो. निदान आवाज तरी येईल. एरवी शेजारचा टीव्ही आमच्या घरात असल्यासारखा बोंबलायचा. त्या रात्री हूं की चूं नाही. मेले सगळे विसरले, असं वाटून माझ्या अंगाची नुसती लाहीलाही झाली.

तेरवी झाली आणि आई शेजारच्या बाईंकडे गेली. मी मागोमाग. "कसा दिसत होता वं माहा पोरगा?"

बाईंनी तिचा हात धरला. "तुमच्या घरी येवढं दुःख, आन् आम्ही टीव्ही लावू? अख्ख्या गल्लीनं बंद ठेवला, काकू."

आता कोणावर चिडायचं? त्या बिचारीच्या डोळ्यांत पाणी होतं.

"बरं केलं," आई म्हणाली. घरी येऊन तिनं टीव्हीवरची चादर काढली, नीट घडी घातली आणि मला विचारलं, "कोनता शर्ट घातला असन वं त्यानं?"